दार कुणासाठी उघडलं?

२००४ च्या लोकसभा निवडणुकीत मुंबईच्या पश्चिम उपनगरांतून हिंदी सिनेमाचे दोन नायक काँग्रेसच्या तिकिटावर निवडून आले. उत्तर-पश्चिम मुंबईतून सुनील दत्त, पाचव्यांदा. लागूनच असलेल्या उत्तर मुंबईतून गोविंदा, पहिल्यांदा. गोविंदांनी पाडलं ते राम नाईकांना. सलग पाच वेळा निवडून आलेला, केंद्रात मंत्री राहिलेला आणि लोकलच्या प्रवाशांच्या प्रश्नांवर उमेदीची वर्षं खर्च केलेला माणूस. विरारच्या पोराने दिग्गजाला आसमान दाखवलं म्हणून तेव्हा गुलाल उधळला गेला. पुढे खासदार दिसत नाहीत, भेटत नाहीत, ही तक्रार बोरिवली-कांदिवलीत उघड बोलली जाऊ लागली आणि २००९ मध्ये ते पुन्हा उभे राहिले नाहीत. शेजारचे सुनील दत्त २५ मे २००५ रोजी गेले, तेव्हा ते केंद्रात युवक कल्याण आणि क्रीडामंत्री होते.

एकच शहर, एकच पक्ष, एकच निवडणूक, आणि धंदाही एकच. म्हणून ‘नटांनी राजकारणात यावं का’ या आपल्याकडे दर निवडणुकीला रंगणाऱ्या वादात मला कधीच रस वाटला नाही. वकील चालतो, साखर कारखान्याचा अध्यक्ष चालतो, बिल्डर चालतो, मग नटानेच काय घोडं मारलं आहे? उलट नटाजवळ एक गोष्ट असते जी बाकी कुणाजवळ नसते. त्याचा चेहरा ओळखीचा असतो आणि ओळखीच्या चेहऱ्याला दारं उघडतात. मंत्रालयातलं दार उघडतं, बँकेतलं उघडतं, परदेशातल्या श्रीमंत डॉक्टरांचं उघडतं, पोलीस ठाण्याचंही उघडतं. ही ताकद त्याला तिकीट काढून सिनेमा बघणाऱ्या माणसाने दिलेली असते. तेव्हा नटाबद्दल विचारायचा प्रश्न एकच आहे: ही दारं त्याने कुणासाठी उघडून घेतली? आणि हे निवडून आल्यावर नाही, उमेदवारी मिळण्याच्या आधी बघायचं असतं. नंतर बघून उपयोग नसतो, पाच वर्षं गेलेली असतात.

सुनील दत्त १९८४ मध्ये उभे राहिले तेव्हा त्यांच्यामागे अशी वीस-बावीस वर्षं होती. त्यांच्याबद्दल मी सविस्तर लिहितो आहे ते त्यामुळे.

झेलम जिल्ह्यातल्या खुर्द गावचा हा मुलगा, खरं नाव बलराज. पाच वर्षांचा असताना वडील गेले. फाळणीत घर सोडावं लागलं. तेव्हा वडिलांच्या एका मुस्लिम मित्राने आपल्या कुटुंबाला आसरा देऊन वाचवलं, ही आठवण ते जन्मभर सांगत राहिले. निर्वासित म्हणून यमुनाकाठच्या गावात आले आणि तिथून मुंबईत. जयहिंद कॉलेजात शिकताना पोटासाठी बेस्टमध्ये नोकरी केली. मग रेडिओ सिलोनवर सिनेमातल्या लोकांच्या मुलाखती घेऊ लागले. १९५५ मध्ये ‘रेल्वे प्लॅटफॉर्म’ हा पहिला सिनेमा मिळाला. बलराज साहनी आधीच प्रसिद्ध होते म्हणून नाव बदलून सुनील झालं. १९५७ मध्ये ‘मदर इंडिया’तला बिरजू आला आणि नाव घरोघर पोचलं.

नट म्हणून ते दिलीपकुमारांच्या पंक्तीतले होते असं मी म्हणणार नाही. पण भूमिका निवडताना त्यांच्यात एक धीटपणा होता. १९५९ मध्ये ‘सुजाता’त अस्पृश्य ठरवलेल्या मुलीशी लग्न करायला निघालेला ब्राह्मण तरुण त्यांनी केला. ‘मुझे जीने दो’त चंबळचा डाकू केला, तोही चंबळच्या खोऱ्यात जाऊन. १९६४ मध्ये ‘यादें’ काढला, ज्यात पडद्यावर अख्ख्या सिनेमात ते एकटेच आहेत. ‘रेश्मा और शेरा’ने त्यांना कर्जात बुडवलं. पैसा नीट सांभाळून ठेवणाऱ्या माणसाची ही कारकीर्द नाही.

माझ्या मुद्द्यासाठी महत्त्वाचं काम मात्र सिनेमाच्या बाहेरचं आहे. १९६२ च्या चीन युद्धानंतर दत्त आणि नर्गिस यांनी अजंता आर्ट्स या नावाने कलाकारांचं पथक उभं केलं आणि सीमेवरच्या जवानांसमोर कार्यक्रम करायला सुरुवात केली. हे एका हिवाळ्यात उरकून टाकलेलं काम नव्हतं. वर्षानुवर्षं ते गायक, वादक, विनोदी नट सोबत घेऊन डोंगरातल्या ठाण्यांवर जात राहिले. १९७१ च्या युद्धानंतर बांगलादेशातही जाऊन आले. हिमालयातल्या ठाण्यावर ऑक्सिजन कमी, मंच म्हणजे चार फळ्या, आणि समोर महिनोन्‌महिने घर न पाहिलेली माणसं. तिथे जाण्याने बॉक्स ऑफिसवर एक तिकीट जास्त खपत नाही.

नर्गिस स्वतः मुंबईत सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलांच्या संस्थेसाठी काम करत होत्या. १९८० मध्ये त्यांची राज्यसभेवर नियुक्ती झाली. पण वर्षभरातच, ३ मे १९८१ रोजी, स्वादुपिंडाच्या कर्करोगाने त्या गेल्या. त्यांच्यावर न्यूयॉर्कमध्ये उपचार झाले होते. परळच्या टाटा रुग्णालयाबाहेर फुटपाथवर चूल मांडून बसलेले पेशंटचे नातेवाईक ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना न्यूयॉर्क आणि परळ यांच्यातलं अंतर समजावून सांगायला नको. सुनील दत्तांनी ते अंतर पाहिलं आणि ते त्यांना सोसवलं नाही, असं मला त्यांच्या पुढच्या वागण्यावरून वाटतं. बायकोच्या नावाने त्यांनी फाउंडेशन काढलं. अमेरिकेतल्या भारतीय डॉक्टरांकडे आणि व्यावसायिकांकडे गेले, पैसे मागितले, यंत्रं मागितली. ‘दर्द का रिश्ता’ हा सिनेमा कर्करोगावरच काढला आणि त्याचं उत्पन्न टाटा रुग्णालयाकडे वळवलं.

आता १९८४. इंदिरा गांधींच्या हत्येनंतरची निवडणूक. राजीव गांधींनी सिनेमातली माणसं आणली. अलाहाबादला अमिताभ बच्चन, उत्तर-पश्चिम मुंबईत सुनील दत्त. बच्चन हेमवतीनंदन बहुगुणांना हरवून आले, दत्त राम जेठमलानींना. दोघंही लाटेत निवडून आले, त्यात कुणाची वैयक्तिक कर्तबगारी फारशी मोजू नये. पण १९८७ मध्ये दोघांच्या वाटा वेगळ्या झाल्या. बच्चन यांनी त्या वर्षी राजीनामा दिला आणि राजकारण सोडलं. सुनील दत्त त्या वर्षाच्या सुरुवातीला मुंबईहून अमृतसरला निघाले होते. पायी.

पंजाब तेव्हा पेटलेला होता. सुवर्णमंदिरात लष्कर घुसलं त्याला तीन वर्षंही झाली नव्हती. दिल्लीत शिखांची कत्तल झाली त्यालाही तेवढाच काळ लोटला होता. बसमधून प्रवासी उतरवून गोळ्या घातल्या जात होत्या. आणि दत्त सत्ताधारी पक्षाचे खासदार होते, त्याच पक्षाचे, ज्याच्या राज्यात दिल्लीतली ती कत्तल झाली. अशा माणसाने विमानाने अमृतसरला उतरून मंदिरात माथा टेकवून फोटो काढून परत यावं, हे सोपं होतं. त्यांनी मुलगी प्रियाला आणि काही सोबत्यांना घेऊन सुमारे दोन हजार किलोमीटर चालत जायचं ठरवलं. ७८ दिवस लागले.

चालण्याचा अर्थ मराठी माणसाला वेगळा सांगावा लागत नाही. आळंदीहून पंढरपूरला गाडीने चार-पाच तासांत पोचता येतं, तरी माणसं अठरा-वीस दिवस चालतात. वाटेत गाव भेटतं. कुणी पाणी देतं, कुणी पाय चेपून देतं, कुणी आपलं दुःख सांगतं आणि ते ऐकायला वेळ असतो. चालणारा माणूस ऐकणारा होतो, त्याला घाई करताच येत नाही. लोकप्रतिनिधीचं काम याहून फार निराळं आहे असं मला वाटत नाही. त्या पदयात्रेने पंजाबातली हिंसा थांबली नाही, ती पुढेही काही वर्षं चालूच राहिली. तरीही एका नटाने ज्या शरीरावर आपलं पोट चालतं ते शरीर असं उन्हात झिजवलं, याला मी मोठं मानतो.

बच्चन यांनी राजीनामा दिला म्हणून त्यांना कमी लेखण्याचं कारण नाही. हे आपलं काम नव्हे हे ओळखून खुर्ची सोडणं हाही मतदाराशी राखलेला प्रामाणिकपणाच. आणि पुढे पोलिओच्या दोन थेंबांसाठी त्यांनी टीव्हीवरून देशभरच्या आयांना जे दटावलं, विनवलं, त्याचं मोल एका खासदारकीपेक्षा जास्त आहे. आपल्या देशात पोलिओचा शेवटचा रुग्ण जानेवारी २०११ मध्ये सापडला. ते यश लाखो लसीकरण सेविकांनी, आशाताई-अंगणवाडीताईंनी मिळवलं. पण अनेक बंद दारं त्या ओळखीच्या आवाजाने किलकिली झाली, हे त्याच ताई सांगतात. म्हणजे लोकसेवेला खुर्ची लागतेच असं नाही.

हे आपल्या महाराष्ट्राला आधीपासून ठाऊक आहे. निळू फुले पडद्यावर सरपंच, पाटील, चेअरमन होऊन गाव लुटायचे आणि पडद्याबाहेर राष्ट्र सेवा दलाचे कार्यकर्ते होते. पुण्यात माळीकाम केलेला हा माणूस प्रसिद्ध झाल्यावरही चळवळीच्या मांडवात सतरंजीवर बसायचा. डॉ. श्रीराम लागू आणि त्यांनी मिळून सामाजिक कृतज्ञता निधीसाठी नाटकाचे प्रयोग केले, कशासाठी, तर गावोगाव पूर्णवेळ काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना महिन्याला थोडं मानधन मिळावं म्हणून. निधीच्या नावातच त्यांनी कृतज्ञता हा शब्द घातला होता. उपकार नव्हे, परतफेड. दोघांनीही निवडणूक लढवली नाही. त्यांना उमेदवारी दिली असती तर ते जिंकले असते की नाही, हा विचारही मनात येत नाही, इतकं त्यांचं काम स्वतःच्या पायावर उभं होतं.

राज्यसभेच्या नियुक्त जागांचंच बघा. साहित्य, विज्ञान, कला आणि समाजसेवा या क्षेत्रांतल्या बारा जणांना राष्ट्रपती नेमतात. पहिल्याच राज्यसभेत, १९५२ मध्ये, पृथ्वीराज कपूर होते. नाटक संपल्यावर दाराशी झोळी धरून उभे राहत आणि आपत्तीग्रस्तांसाठी पैसे गोळा करत, अशी त्यांची ख्याती. शबाना आझमी १९९७ मध्ये राज्यसभेवर गेल्या. पण त्याच्या अकरा वर्षं आधी, १९८६ मध्ये, कफ परेडच्या संजय गांधी नगरातली झोपडपट्टी पाडली गेली तेव्हा त्या झोपडीवाल्यांसोबत उपोषणाला बसल्या होत्या. याउलट रेखा २०१२ ते २०१८ सदस्य होत्या आणि सभागृहात क्वचितच दिसल्या. थोर अभिनेत्री आहेत, पण त्यांना ही जागा नको होती असंच त्या सहा वर्षांतून दिसतं आणि ती त्यांना का दिली गेली, याचं उत्तर ज्यांनी दिली त्यांनी द्यायला हवं. एखाद्याच्या गैरहजेरीचा सगळा दोष त्याच्या माथी मारून सरकार आणि पक्ष मोकळे होतात, हे मला पटत नाही. नट आपल्या आपण यादीत शिरत नाही, त्याला कुणीतरी घालतं.

दक्षिणेचं उदाहरण आपल्याकडे नेहमी हेटाळणीने दिलं जातं. ते अज्ञान आहे. तमिळ सिनेमाचे नायक एम. जी. रामचंद्रन १९५३ पासून द्रमुकमध्ये होते, तामिळनाडूचे मुख्यमंत्री झाले १९७७ मध्ये. मधली चोवीस वर्षं त्यांच्या सिनेमातून पक्षाचा विचार बोलत होता. पुढे शाळेतल्या मुलांच्या दुपारच्या जेवणाची योजना त्यांनी १९८२ मध्ये ज्या प्रमाणावर वाढवली, तिचा दाखला आजही दिला जातो. त्यांच्या कारभारावर टीका करायला भरपूर जागा आहे. पण ‘सिनेमातून उचलून आणलेला माणूस’ हे वर्णन त्यांना लागू पडत नाही. ते आपल्याकडच्या पक्षांनी ऐनवेळी विमानतळावरून थेट उमेदवारी अर्ज भरायला नेलेल्या ताऱ्यांना लागू पडतं.

आणि आता सुनील दत्तांच्या आयुष्यातल्या सगळ्यात अवघड वर्षाकडे येतो, कारण ते टाळून त्यांच्याबद्दल लिहिणं खोटं होईल.

डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३. मुंबईच्या दंगलीत सुमारे नऊशे माणसं गेली. राज्यात आणि केंद्रात दत्तांचाच पक्ष सत्तेवर होता. ते जळलेल्या वस्त्यांत फिरले, धान्य-कपडे पोचवले, अडकलेल्यांना बाहेर काढायला धडपडले. मुसलमानांना मदत करतो म्हणून त्यांना धमक्या आल्या. खुर्द गावच्या त्या मुलाला वडिलांच्या मुसलमान मित्राने वाचवलं होतं, हे धमक्या देणाऱ्यांना ठाऊक नसावं. आपलं सरकार लोकांचे जीव वाचवू शकत नाही म्हणून त्यांनी खासदारकीचा राजीनामा देऊ केला. सत्ताधारी बाकावर बसून हे करणारे किती सापडतात? मला त्यांची सगळी कारकीर्द या एका राजीनाम्यात दिसते.

एप्रिलमध्ये त्यांच्या मुलाला अटक झाली. घरात बेकायदा शस्त्र ठेवल्याचा आरोप. टाडा, म्हणजे तेव्हाचा दहशतवादविरोधी कायदा, लावला गेला. टाडाच्या आरोपांतून संजय दत्त पुढे सुटले, पण शस्त्रास्त्र कायद्याखाली दोषी ठरले आणि २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो दोष कायम ठेवून सहा वर्षांची शिक्षा पाच वर्षांवर आणली. १९९३ ते ९५ या काळात बाप म्हणून सुनील दत्त ज्याच्या-त्याच्या दारात गेले. ज्यांच्या राजकारणाविरुद्ध ते आयुष्यभर उभे होते, त्या बाळासाहेब ठाकरेंच्या दारातही गेले.

बापाच्या जागी कुणीही गेला असता, मीही गेलो असतो. पण टाडाखाली तेव्हा शेकडो मुलं आत होती आणि त्यांनाही बाप होते. त्यांच्यासाठी ‘मातोश्री’चं दार उघडणार नव्हतं, दिल्लीचं तर नाहीच. मी वर म्हणालो की ओळखीच्या चेहऱ्याला दारं उघडतात आणि ती कुणासाठी उघडली हे विचारावं. मग इथेही तोच प्रश्न विचारला पाहिजे आणि उत्तर असं आहे की या वेळी ते दार घरच्यासाठी उघडलं होतं. त्यांच्या चांगल्या कामाने हे पुसलं जात नाही. याने चांगलं कामही पुसलं जात नाही. ९६ आणि ९८ च्या निवडणुका त्यांनी लढवल्या नाहीत. ९९ मध्ये लोकांनी त्यांना परत बोलावलं, शिवसेनेच्या मधुकर सरपोतदारांविरुद्ध निवडून दिलं. वस्तीतल्या माणसांनी हिशोब स्वतः मांडला होता आणि मला तो बरोबर वाटतो.

त्यांच्या निधनानंतर २००५ ची पोटनिवडणूक प्रिया दत्त जिंकल्या. बापाबरोबर अमृतसरपर्यंत चाललेली मुलगी, तेव्हा तिला काम ठाऊक नव्हतं असं म्हणता येणार नाही. तरीही मला खटकतं ते हे, की पक्षाने दुसरीकडे पाहिलंसुद्धा नाही. एवढ्या मोठ्या मतदारसंघात वीस वर्षं दत्तांच्या बरोबरीने झोपडपट्ट्यांत राबलेले कार्यकर्ते होते. त्यांच्यातल्या एकाचाही चेहरा कुणाच्या डोळ्यापुढे आला नाही. चेहऱ्याच्या राजकारणाचं हे खरं नुकसान आहे. एक गैरहजर खासदार आपण पाच वर्षांत बदलू शकतो. पण गर्दीत उभा असलेला, चेहरा नसलेला कार्यकर्ता एकदा कायमचा मागे राहिला की तो पुन्हा पुढे येत नाही, त्याची मुलंही चळवळीत येत नाहीत. तारा उभा करण्याआधी पक्षांनी त्या भागातल्या आपल्याच कार्यकर्त्यांना विचारावं, इतकी साधी अट घालायलाही मोठ्या कायद्याची गरज नाही.

मतदार म्हणून आपणही थोडं कठोर व्हायला हवं. प्रचाराला आलेला नट ट्रकवरून हात हलवतो, एक संवाद म्हणतो, आपण शिट्ट्या मारतो. मारू या, सिनेमावर आपलं प्रेम आहे आणि त्यात लाजण्यासारखं काही नाही. पण तो उमेदवार असेल तर ट्रक थांबवून विचारलं पाहिजे की आमच्या भागातलं सरकारी रुग्णालय कुठे आहे, तिथे तुम्ही शेवटचे कधी गेला होता? उत्तर देताना त्याने शेजारी बसलेल्या नगरसेवकाकडे पाहिलं, तर आपल्याला हवं ते कळलं.

सोलापूर जिल्ह्यात बार्शीला नर्गिस दत्त यांच्या नावाचं कर्करोग रुग्णालय आहे. मुंबईच्या माणसाला फारसं ठाऊक नसतं. १९८७ मध्ये, म्हणजे ती पदयात्रा निघाली त्याच वर्षी, बार्शीत देशातली पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. तोवर खेड्यातल्या बाईला कर्करोग होतो तो किती आणि कुठला, हे मोजलंच गेलं नव्हतं. तिथल्या डॉक्टरांनी टाटा रुग्णालयाच्या साथीने पुढे शेजारच्या तेव्हाच्या उस्मानाबाद, आताच्या धाराशिव जिल्ह्यात गावोगाव जाऊन गर्भाशयमुखाच्या कर्करोगाचा मोठा अभ्यास केला. तीस ते एकोणसाठ वयाच्या एक लाख एकतीस हजारांहून अधिक बायका त्यात होत्या. हा कर्करोग ज्या विषाणूमुळे होतो त्या एचपीव्हीची एकच चाचणी आयुष्यात एकदा केली, तरी त्या रोगाने होणारे मृत्यू आठ वर्षांत जवळपास निम्म्याने घटतात, असं त्यातून २००९ मध्ये जगासमोर आलं.

हे सगळं श्रेय डॉक्टरांचं आणि गावात उन्हातान्हात फिरून बायकांना समजावणाऱ्या सेविकांचं आहे, कुठल्या नटाचं नाही. नट-नटीचं नाव तिथे फक्त पाटीवर आहे. त्या पाटीखालून वैराग-भूमकडची एखादी बाई एसटीने येऊन केसपेपर काढते आणि बाकावर आपला नंबर येईपर्यंत बसून राहते.